चूलमोज्या जेवायला बसला

तुम्ही घरफोडे आहात. कुलपं तोडणारे घरफोडे तुमच्यापेक्षा परवडले. ते वस्तू नेतात आणि माणसं जागच्या जागी ठेवतात. तुम्ही वस्तूंना बोट लावत नाही, माणसं उचलून नेता, आणि वर त्याला कायदा म्हणता. घरं वाटणाऱ्या खात्याच्या वरच्या मजल्यावर, मऊ खुर्चीत बसून तुमच्यापैकी कुणीतरी नियम लिहिला: एका घरात एक कुटुंब, आणि कुटुंब म्हणजे एक चूल. घरात दोन चुली सापडल्या की कुटुंबं दोन झाली. मग त्यातल्या मागाहून आलेल्याने बिऱ्हाड उचलायचं आणि शहराबाहेरच्या नव्या वसाहतीत जायचं, जिथल्या नळाला अजून कुणी सांगितलेलं नाही की बाबा, तुझ्यातून पाणी यायचं असतं.

हा नियम घेऊन तुमचा माणूस संध्याकाळी दारोदार फिरतो. दुपारी नाही, सकाळी नाही. ऐन जेवणाच्या वेळेला, कारण तेव्हा चुली गरम असतात. सगळी इमारत त्याला चूलमोज्या म्हणते. तळमजल्यावरच्या गवंड्याच्या घरी त्याला दोन सापडल्या. गवंड्याचा भाऊ बायको, गाद्या आणि पोपटाचा पिंजरा घेऊन टेम्पोत बसून गेला. पोपट जाताना शिव्या देत होता. घरात त्याच्याइतकं खरं बोलणारा दुसरा कुणी नव्हता.

त्याच गवंड्याची बायको त्या संध्याकाळी धापा टाकत तिसऱ्या मजल्यावर आली.

"आज तुमचा मजला आहे गं," ती तिथल्या थोरल्या सुनेला, थोरलीला म्हणाली. "मी त्याला दुसऱ्या जिन्याने चढताना पाहिलंय. आधी पलीकडची बाजू करेल, मग इकडे. तुमच्या ओट्यावर दोन आहेत ना?"

होत्या. सगळ्या इमारतीला ठाऊक होतं.

खिडकीकडच्या टोकाला थोरलीची गॅसची शेगडी. दाराकडच्या टोकाला तिच्या जावेची, धाकटीची, विजेची. आणि मधोमध, ओट्याच्या या काठापासून त्या काठापर्यंत, निळी कापडी पट्टी चिकटवलेली. पुस्तकांच्या पाठीला लावतात ती. धाकटी पुस्तकबांधणीच्या कारखान्यात कामाला होती, तिनेच आणून लावली होती, आणि इतकी सरळ लावली होती की भांडणसुद्धा फूटपट्टीने आखलंय असं वाटावं.

भांडण कशावरून? पास्त्यावरून. हसू नका. राज्यं याहून फालतू गोष्टींवरून गेली आहेत.

थोरली हॉस्पिटलच्या धुलाईखान्यात चादरींना इस्त्री करायची. तिथल्या बॉयलरवालीने तिला एका पातेल्यातला पास्ता शिकवला. कांदा, लसूण, खिमा, टोमॅटो, पाणी, आणि त्यातच कोरडा पास्ता. झाकण ठेवायचं आणि पाय पसरून बसायचं. दिवसभर वाफेत उभं राहून आलेल्या बाईला याहून मोठं वरदान नाही. धाकटी तेव्हा नवीनच लग्न होऊन आली होती. तिच्या माहेरी पास्ता वेगळा उकळायचा, निथळायचा आणि सॉस वेगळा करायचा. पहिला घास घेऊन ती म्हणाली, "जाऊबाई, ही तर खळ झालीय. उद्या चादरींना लावा."

सगळे हसले. सगळ्यांत मोठ्याने थोरलीचा नवराच हसला, हे ती कधी विसरली नाही.

"तू तुझ्या पुस्तकांना लाव," थोरली म्हणाली. "पानं सुटी होतात म्हणे तुमच्याकडची."

दुसऱ्या दिवशी विजेची शेगडी आली, तिसऱ्या दिवशी पट्टी. तेव्हापासून दोघी एकमेकींशी थेट बोलत नव्हत्या. बोलायच्या भरपूर, पण भिंतीला, झाकणाला, हवेला. "काही माणसं ओला टॉवेल खुंटीवर टाकतात." "काही माणसांना खुंटी बापाची वाटते." असं.

गवंड्याची बायको खाली गेली आणि थोरली दाराला टेकून उभी राहिली. खरं सांगायचं तर पहिल्यांदा हा नियम कानावर आला तेव्हा तिच्या मनात आलं होतं, बरं झालं, ओटा मोकळा होईल. मग तिने मोकळा ओटा डोळ्यांसमोर आणला. अख्खा ओटा, पट्टी नाही, पलीकडे कुणी नाही. आणि 'काही माणसं' म्हणायचं कुणाला? नवऱ्याला? तो बस चालवतो. घरी आला की कानांना कुलूप. तिला स्वतःचाच राग आला. ज्या बाईचं तोंड बघायचं नाही तिच्या जाण्याचं आपल्याला काय?

सासूबाईंनी असले प्रश्न पाडून घेतले नाहीत. त्या काठी टेकत आल्या, स्टुलावर बसल्या आणि हुकूम सुटला.

"विजेची काढा. पट्टी काढा. माझं जाड बुडाचं पातेलं काढा. आज एक शेगडी, एक पातेलं, एक जेवण. आणि तुम्ही दोघी तिथे एकत्र उभ्या राहणार. तो येईल तेव्हा त्याला दोन सुना एका चुलीपाशी दिसल्या पाहिजेत."

"आई, मी दुपारचं काहीतरी गरम करून..." धाकटी म्हणाली.

"तुला पोपटाच्या शेजारी राहायला जायचंय का?"

धाकटीने पट्टीचं टोक नखाने उचकटलं.

शेगडी लपवायची कुठे हा मोठा प्रश्न होता. खाटेखाली? तिथे तो आधी वाकतो. न्हाणीघरात? तिथेही डोकावतो. शेवटी धाकटीनेच ती बाहेरच्या खोलीतल्या बुटक्या कपाटावर ठेवली, वरून सासूबाईंचा क्रोशाचा रुमाल पसरला आणि रुमालावर प्लास्टिकच्या गुलाबांची फुलदाणी ठेवली. लांबून बघितलं तर खरंच वाटलं, घरात सौंदर्याची आवड असलेली माणसं राहतात.

मग दोघी ओट्यापाशी आल्या. एवढ्याशा शेगडीसमोर दोन बायका म्हणजे कोपराला कोपर. थोरलीने तेल टाकलं. धाकटीने न विचारता कांदा ओढून घेतला आणि चिरायला लागली. प्रत्येक तुकडा दुसऱ्यासारखा, जशी कापलेली पानं. थोरलीने तिरक्या डोळ्याने पाहिलं आणि काही बोलली नाही. तिच्या हिशेबात हे कौतुकच होतं.

कांदा गुलाबी झाला, लसूण पडला, खिमा पडला. खिम्याला पाणी सुटलं. थोरलीने टोमॅटोचं भांडं उचललं.

"काही माणसांनी," धाकटी खिडकीला म्हणाली, "खिम्याचं पाणी आधी आटू द्यावं. नाहीतर खिमा शिजत नाही, आंघोळ करतो."

"काही माणसांना कुणी विचारलं नव्हतं," थोरली झाकणाला म्हणाली. पण भांडं खाली ठेवलं.

"काही माणसांनी," स्टुलावरून आवाज आला, "तोंड बंद ठेवून चमचा हलवावा. नाहीतर ही म्हातारी काठी हलवेल."

पाणी आटलं. खिमा तळाला चुरचुरायला लागला, तपकिरी झाला, आणि घरभर असा वास सुटला की शेजाऱ्यांची खिडकी उघडल्याचा आवाज आला. मग टोमॅटो, मीठ, मिरपूड, मग पाणी. उकळी फुटली तसं थोरलीने पास्त्याचं पाकीट फाडलं आणि पातेल्यावर धरलं.

धाकटी एका पायावरून दुसऱ्या पायावर गेली. मग राहवलं नाही.

"कोरडाच टाकताय?"

थोरलीचा हात थांबला. किती दिवसांनी ही बाई तिच्याशी बोलली होती! झाकणाशी नाही, भिंतीशी नाही.

"कोरडाच," ती म्हणाली. "निथळायचा तर दुसरं भांडं लागतं, दुसऱ्या भांड्याला दुसरी शेगडी लागते. तुझी शेगडी आज फुलदाणीखाली झोपलीय."

"मग निदान ढवळत राहा. तळापासून. मी रोज खळ शिजवते, मला विचारा. आच मंद आणि हात चालू. हात थांबला की गाठ."

"खळ मला शिकवू नकोस. माझ्या अख्ख्या अंगाला तिचा वास येतो."

"मग ठाऊक असेल की."

"ठाऊक आहे. आणि तुला हे ठाऊक आहे का, की उतरवल्यावरही ती घट्ट होत जाते? म्हणून अजून जराशी पातळ असतानाच उतरवायची. धुलाईखान्यात नवीन आलेली प्रत्येक मुलगी इथेच चुकते."

धाकटीने चमचा घेतला आणि तळापासून ढवळायला लागली. मग हळूच म्हणाली, "म्हणजे त्या वेळी तुम्ही उशिरा उतरवला होता."

थोरलीने आच मंद केली. त्या वेळी ती नवीन जावेसमोर मिरवायला लाल फुलांच्या बश्या शोधत बसली होती आणि पातेलं गॅसवरच राहिलं होतं. पण ही गोष्ट तिने नवऱ्यालाही सांगितली नव्हती, हिला कशाला सांगेल?

"ढवळ," ती म्हणाली.

तेवढ्यात धाकटीचा नवरा, धाकटा, आला. धाकटा लिफ्ट दुरुस्त करायचा. उंच इमारतींच्या अंधाऱ्या विहिरीत लोंबकळून तारा जोडणारा माणूस. त्याला आयुष्यात एकच गोष्ट सहन व्हायची नाही, ती म्हणजे सुटी वायर. बाहेरच्या खोलीत बूट काढता काढता त्याला कपाटामागे एक वायर लोंबकळताना दिसली. नवीन रुमाल, नवीन फुलदाणी, असेल बाबा नवीन दिवा. तो वाकला, वायर सरळ केली, पिन भिंतीतल्या बटणाशेजारी खोचली, बटण दाबलं, आणि चांगलं काम केल्याच्या समाधानाने हात धुवायला गेला. त्याला कुणी पाहिलं नाही. बायका पातेल्यात होत्या आणि सासूबाई बायकांवर नजर ठेवून होत्या.

थोरला त्याच्या मागोमाग आला. दोघा भावांना आत बोलावून सासूबाईंनी तंबी दिली, "आपण एकत्र जेवतो. कायम एकत्र जेवत आलोय. याहून जास्त एक अक्षर बोलायचं नाही."

"आई, तो मला विचारेल," धाकटा म्हणाला.

"तू घास घे. तोंड भरलेलं असलं की खोटं बोलावं लागत नाही."

दार वाजलं.

चूलमोज्या बुटका होता. खांद्याला पिशवी, हातात ते बटणांचं यंत्र, ज्यात आकडा दाबला की तो थेट तुमच्यापर्यंत पोचतो. चेहऱ्यावर शंभर घरांतून हाकलून दिल्याचा थकवा. त्याने आल्या आल्या शेगडीवर लांबून पंजा धरला. ही त्याची पद्धत होती.

"गरम असेल तीच चूल धरायची," तो म्हणाला. "वरून तसा हुकूम आहे. ही एक. दुसरी?"

"दुसरी कशाला?" सासूबाई म्हणाल्या. "आम्ही काय हॉटेल आहोत?"

तो खाटेखाली वाकला. न्हाणीघरात डोकावला. कपाट उघडलं, मिटलं. फुलदाणीकडे त्याने बघितलंही नाही. थोरलीने ताटल्या मांडायला घेतल्या.

"चला, जेवायला बसतोच आहोत," सासूबाई म्हणाल्या. "तूही बस."

"आम्हाला लोकांकडे जेवायची परवानगी नाही, आजी."

"बसायची आहे ना?"

त्याने जरा विचार केला. "बसायची आहे."

"मग बस. ताटली तिच्या पायांनी येईल."

तो बसला. बिचारा रोज संध्याकाळी लोकांच्या फोडण्यांच्या वासात हिंडायचा आणि घरी जाऊन गार पाव खायचा. हे त्याने सांगितलं नाही, त्याच्या नाकपुड्यांनी सांगितलं. थोरलीने पातेलं आणून टेबलाच्या मधोमध ठेवलं. सॉस अजून जरासा सैल होता आणि झाकण काढल्यावर सगळ्यांच्या डोळ्यांदेखत पास्त्याला बिलगत होता. चीज किसून पडलं, वितळलं. आतापर्यंत सगळं झकास चाललं होतं.

आणि मग सवय आडवी आली.

थोरलीने आपला चमचा घेतला आणि पातेल्याच्या आपल्या बाजूने नवऱ्याला आणि सासूबाईंना वाढलं. धाकटीने दुसरा चमचा घेतला आणि पलीकडच्या बाजूने आपल्या नवऱ्याला वाढलं. मग थोरलीने स्वतःला, आपल्या बाजूने. मग धाकटीने स्वतःला, तिच्या बाजूने. कुणीही दुसऱ्याच्या हद्दीत चमचा घातला नाही. बघता बघता एका पातेल्यात दोन खड्डे झाले आणि मध्ये पास्त्याचा एक बांध उभा राहिला, अगदी सरळ, फूटपट्टीने आखल्यासारखा.

चूलमोज्या त्या बांधाकडे टक लावून बघत होता. त्याची ताटली अजून रिकामी होती, कारण तो कुणाच्या बाजूला येतो हे दोघींना ठरवता येत नव्हतं.

"वहिनी," तो म्हणाला, "ही मधली भिंत कसली?"

धाकट्याने मोठा घास घेतला.

"तो रस्ता आहे," थोरला म्हणाला. "माझी बस जाते त्यावरून."

कुणी हसलं नाही. थोरलीने घाईघाईने तोच बांध फोडून चूलमोज्याच्या ताटलीत ओतला. त्याने एक घास खाल्ला. मग दुसरा. डोळे जरा मिटले. तिसरा घास तोंडाशी नेला आणि थांबला.

"काहीतरी जळतंय का?"

खरंच जळत होतं. थोरलीला वाटलं पातेलं लागलं असावं, आणि तिने तेच सांगून वेळ मारून न्यायची ठरवली.

"पातेल्याचा तळ लागला असेल. लागतो कधी कधी."

"तळ लागला?" धाकटी ताडकन उभी राहिली. "तळ नाही लागला! मी ढवळलंय ते! तळापासून! साहेब, तुम्ही बघा, चमचा घालून बघा, तळाला एक कण चिकटला असेल तर..."

"अगं लागला असेल," थोरली दात ओठ खाऊन म्हणाली आणि टेबलाखालून तिला लाथ मारली. ती नवऱ्याला लागली.

"मी ढवळलेलं लागत नाही, जाऊबाई! काही माणसांचं लागत असेल!"

"मग काय जळतंय?" चूलमोज्याने विचारलं. हा प्रश्न त्याने विचारायला नको होता आणि तिने त्याला विचारायला लावायला नको होता. सगळ्यांच्या माना वासाच्या दिशेने वळल्या.

कपाटावर प्लास्टिकचे गुलाब शरमेने माना खाली घालत होते. एक, मग दुसरा, मग पूर्ण गुच्छ. फुलदाणी एका बाजूला कलली होती, आणि क्रोशाच्या रुमालातून धुराची एक बारीक रेघ वर चालली होती.

"माझा रुमाल!" सासूबाई म्हणाल्या.

"तो दिवा नाही?" धाकटा भरल्या तोंडाने म्हणाला. "मी बटण लावलं. वायर सुटी होती ना..."

पुढचं त्याला बोलता आलं नाही, कारण चारही बाजूंनी त्याच्याकडे जे बघितलं गेलं त्याने लिफ्टची विहीरसुद्धा बरी वाटावी. चूलमोज्या उठला. त्याने फुलदाणी उचलली, रुमाल काढला. खाली विजेची शेगडी लालबुंद होऊन बसली होती. धाकट्याने धावत जाऊन बटण बंद केलं. आता काय उपयोग?

"दोन," चूलमोज्या म्हणाला. त्याला वाईट वाटलेलं दिसलं, पण यंत्र हातात आलं.

धाकटी खाली बसली. थोरलीने तिला एवढं गप्प कधी पाहिलं नव्हतं आणि ते तिला मुळीच आवडलं नाही. त्या गप्पपणापेक्षा निळी पट्टी बरी, टोमणे बरे, काहीही बरं. तिच्या डोक्यात काहीतरी तडकलं.

"थांबा," ती म्हणाली. "ते बटण दाबायच्या आधी ऐका. हो, दोन शेगड्या आहेत. ओट्याच्या या टोकाला एक, त्या टोकाला एक. मग? मला मागे ताप आला, वाफेत उभी राहून फुप्फुसात पाणी झालं, तेव्हा सूप कुठल्या शेगडीवर होत होतं? त्या! ही बाई वाटी आणायची, पट्टीपाशी ठेवायची, आणि चमच्याने माझ्या बाजूला ढकलायची. तोंडातून अवाक्षर नाही. रोज! बरी होईपर्यंत!"

"अळणी म्हणून तुम्ही नाक मुरडायचात," धाकटी पुटपुटली.

"अळणीच होतं! पण प्यायले ना? आणि हिचा हात कारखान्यातल्या यंत्रात सापडला तेव्हा हिच्या नवऱ्याचा डबा कोण भरत होतं? तो मूर्ख रोज म्हणायचा, आज डब्याला निराळीच चव आहे. ढोर कुठलं!"

"मला वाटलं हिने नवीन काहीतरी..." धाकटा म्हणाला.

"तू घास घे!" सासूबाई म्हणाल्या.

"आम्ही भांडतो, साहेब. कडाकडा भांडतो. पण परक्याशी एवढं भांडायला कुणाला वेळ आहे? समोरच्या बिऱ्हाडाशी मी वर्षात दोन वाक्यं बोलते, दोन्ही गोड. ती माझी कोणी नाही म्हणून गोड! हिच्याशी मी रोज भांडते. ही घरातली आहे म्हणून. तुमच्या वरच्यांना चुली मोजता येतात, हे मोजता येत नाही का?"

ती धापा टाकत थांबली. चूलमोज्याने यंत्राकडे पाहिलं, मग पातेल्याकडे. विचार करताना त्याचा हात आपोआप चमच्याकडे गेला आणि त्याने आणखी एक घास घेतला. तो घास त्याने जरा वेळ तोंडात फिरवला.

"एक विचारू?" तो म्हणाला. "कामाचं नाही. हे केलं कुणी?"

"मी," थोरली म्हणाली.

"मी," धाकटी म्हणाली.

दोघी एकाच वेळी.

"तू? तू कधी? पातेल्यातला पास्ता माझा! तुला तर कोरडा टाकणंच पटत नव्हतं!"

"आणि खिम्याचं पाणी आटवायला कुणी सांगितलं? कांदा कुणी चिरला? ढवळलं कुणी? तुमच्या हातात राहिला असता तर परत..."

"परत काय? बोल, परत काय?"

"परत लागला असता!"

"बरं, मग उतरवायचा कधी हे कुणी सांगितलं?"

"तुम्ही. एवढंच तुम्ही. बाकी सगळं मी."

"ऐका हो साहेब, हिचं ऐका!"

भांडण असं रंगलं की चूलमोज्याला कुणी विचारेना. थोरला पातेल्यातला उरलेला पास्ता हळूहळू आपल्या ताटलीत ओढत होता. चूलमोज्या उठला. विजेच्या शेगडीपाशी गेला. नियमाप्रमाणे लांबून पंजा धरायचा. याने सरळ बोट टेकवलं. बंद केली तरी ती कुठली एवढ्यात निवते! त्याचा चेहरा वाकडा झाला, डोळ्यांत पाणी आलं, त्याने बोट तोंडात घातलं, मग बाहेर काढून त्यावर फुंकर मारली.

"गार आहे," तो म्हणाला.

दोघी थांबल्या.

"काय म्हणालात?"

"गार. गार चूल धरायची नाही, असा हुकूम आहे." फुंकर. "घरात गरम चूल एक." आणि त्याने दुसऱ्या हाताच्या बोटाने यंत्रावर एक दाबलं. यंत्र आनंदाने वाजलं. ते बिचारं काय करणार, त्याला जे सांगाल ते ते मानतं.

धाकटीने त्याला नळाखाली बोट धरायला लावलं. थोरलीने ताटली परत भरली, या वेळी दोन्ही बाजूंनी, कारण पातेल्यात आता बाजू उरल्या नव्हत्या, थोरल्याने खाऊन टाकल्या होत्या.

"परवानगी नाही," चूलमोज्या ओलं बोट झटकत म्हणाला आणि बसला.

"जाऊबाई, त्यांना चीज वाढा की जरा," धाकटी म्हणाली.

"तुला हात नाहीत का?" थोरली म्हणाली, आणि वाढलं.

त्या घराने त्या संध्याकाळी पोटभर खाल्लं, आणि मोठमोठ्याने भांडून खाल्लं. पण साहेब हो, तुम्ही वर बसलेले, तुमची सुटका एवढ्यावर नाही. तुमच्या नियमामुळे एका भल्या माणसाला बोट भाजून घेऊन खोटं बोलावं लागलं. तळमजल्यावर मात्र तो खरं बोलला, आणि तिथे एक भाऊ कमी झाला. उद्या तुम्ही त्याच्या जागी दुसरा पाठवाल, पोट भरलेला, हातमोजे घातलेला. तो 'दोन' दाबेल आणि तुम्हाला शांत झोप लागेल.

म्हणून विचारतोय, आणि यंत्राचं उत्तर नको, तुमच्या तोंडून हवंय. ज्याने हा नियम लिहिला तो आज संध्याकाळी कुणाबरोबर जेवला? त्याच्या टेबलावर शेवटचं भांडण कधी झालं, कुणाशी झालं, आणि ते माणूस आत्ता कुठे आहे?

बोला.